वरातीतून थेट पडद्यावर

फुंकवाद्यांच्या रांगेतून सिनेमाचे संगीतकार कसे निघाले? शिरूर-जुन्नरपासून मिरज, गोवा आणि हॉलिवूडपर्यंतची ही चटपटीत सफर. वाटेत बारामती-इंदापूरचे थांबे आहेतच.

चित्रपट-संगीतकाराचं चरित्र उघडलं की पहिल्या पानावर हार्मोनियम, दुसऱ्यावर गुरूंचा गंडा आणि तिसऱ्यावर मुंबईची गाडी असणार, अशी आपली ठाम समजूत. पण बऱ्याच चरित्रांच्या पहिल्या पानावर चक्क पितळ चमकतं. बँडचा झगमगीत डगला, फुगलेले गाल आणि दुसऱ्याच्या गाण्यात आपले चार सूर येईपर्यंत धरलेला दम. त्यातही ट्रॉम्बोनवाला उभा सगळ्यात मागे. त्याला वाजवायला कमी, ऐकायला जास्त. आणि जो सगळ्यांचं ऐकतो, त्यालाच पुढे सगळ्यांसाठी लिहिता येतं. पटत नाही? मग हे वाचाच.

सात जागा, पण सात सूर नव्हेत

ट्रॉम्बोनला बासरीसारखी भोकं नाहीत, ट्रम्पेटसारख्या कळाही नाहीत. आहे ती पुढे-मागे सरकणारी एक लांब नळी. नेहमीच्या टेनर ट्रॉम्बोनची सगळी नळी सरळ केली तर जवळपास नऊ फूट भरते. सरकत्या नळीच्या सात जागा ठरलेल्या. आता सात म्हटल्यावर आपण लगेच सा रे ग म म्हणायला लागतो, पण तसं नाही. प्रत्येक जागेवर सूर फक्त अर्ध्या स्वराने खाली उतरतो. बाकीचे सूर ओठांच्या ताणावर काढायचे. त्या जागांवर खुणाही नसतात. हाताला आणि कानाला माहीत, बस्स! म्हणूनच पितळी वाद्यांत मींड सगळ्यात झकास निघते ती ट्रॉम्बोनवर. गवयाचा गळा जसा एका सुरावरून दुसऱ्यावर घसरत जातो, तशीच ही नळी.

तीन भाग गप्प, चौथ्यात दणका

बीथोवनची पाचवी सिम्फनी 22 डिसेंबर 1808 रोजी व्हिएन्नात पहिल्यांदा वाजली. तिच्यात तीन ट्रॉम्बोन आहेत, पण ते तोंड उघडतात थेट चौथ्या आणि शेवटच्या भागात. तोवर पहिले तीन भाग हे वादक वाद्य मांडीवर घेऊन बसून. म्हणजे पगार वाजवण्याचा आणि काम ऐकण्याचं! मात्र ती वाट पाहणं फुकट जात नाही. व्हायोलिन कुठे चढतं, बासरी कुठे थांबते, ढोल कुठे दम घेतो, हे सगळं मागच्या रांगेतून आरपार दिसतं. संगीत-संयोजन शिकायला याहून स्वस्त शाळा कुठली?

तुतारी नात्यातलीच

तुतारी, शिंग, ट्रम्पेट आणि ट्रॉम्बोन ही सगळी एकाच कुळातली. यांत आवाज वाद्य काढत नाही, ओठ काढतात. ओठ घट्ट मिटून त्यांतून हवा सोडली की ते थरथरतात. पितळेची नळी त्या थरथरीला मोठा आणि गोल आवाज देते. तुतारीची नळी ठरलेल्या लांबीची, म्हणून तिचे सूर मोजके. ट्रॉम्बोनची लांबी बदलते, म्हणून त्याला सगळी सुरावट खुली. बारामतीकरांना फुंकवाद्यांची ओळख वेगळी करून द्यायला नको. 2024च्या लोकसभेला इथल्या मतदानयंत्रावर ‘तुतारी वाजवणारा माणूस’ होता आणि एका अपक्षाचं चिन्ह होतं ट्रम्पेट. दोन फुंकवाद्यांमुळे मतदारसंघात एवढी चर्चा याआधी झाली नसेल.

खोटा हेल काढणारा ट्रॉम्बोनवाला

गुस्ताव होल्स्ट हे इंग्रज संगीतकार ‘द प्लॅनेट्स’ या रचनेमुळे जगाला माहीत. अंतराळावरच्या कितीतरी चित्रपटांच्या पार्श्वसंगीतात आजही तिची सावली दिसते. पण विशी-पंचविशीत हे गृहस्थ पोटासाठी ट्रॉम्बोन वाजवत होते. व्हायचं होतं पियानोवादक, पण हाताच्या दुखण्याने ती वाट बंद केली. मग कधी ऑपेरा कंपनीच्या वाद्यवृंदात, तर कधी समुद्रकिनाऱ्यावर पर्यटकांसाठी वाजणाऱ्या ‘व्हाइट व्हिएनीज बँड’मध्ये नोकरी. या बँडचा नियम भारी होता. वादक इंग्रज असले तरी पांढरा, कशिदा काढलेला गणवेश घालायचा आणि बोलताना परदेशी हेल काढायचा, म्हणजे गिऱ्हाइकाला वाटावं मंडळी थेट व्हिएन्नाहून आलीत. आपल्याकडच्या बँडचा लाल डगला आणि सोनेरी झूल आठवली की हसू येतंच.

याच माणसाने लंडनमध्ये संस्कृतचे धडे घेतले, ऋग्वेदातल्या सूक्तांचं स्वतः इंग्रजीत भाषांतर करून त्यांना चाली दिल्या आणि 1908च्या सुमारास एक छोटा ऑपेरा लिहिला. त्याचं नाव ‘सावित्री’. वटपौर्णिमेची तीच सावित्री, तोच सत्यवान आणि तोच यम! मागच्या रांगेतला माणूस कुठवर जातो पाहा.

दिवसा नकाशे, रात्री जॅझ

ट्रॉम्बोनवादक ते चित्रपट-संगीतकार ही वाट अगदी सरळ चाललेला माणूस म्हणजे अमेरिकेचे जे. जे. जॉन्सन (1924–2001). ट्रॉम्बोनसारखं अवजड वाद्य जलद जॅझमध्ये चालत नाही, असं लोक म्हणायचे. जॉन्सननी ते इतक्या सफाईने पळवलं की ऐकणाऱ्यांना त्यात कळा बसवल्यात की काय अशी शंका यायची. तरीही कलेवर घर चालेना. म्हणून 1952 ते 1954 या काळात त्यांनी स्पेरी जायरोस्कोप कंपनीत यंत्रांचे आराखडे तपासायची नोकरी केली.

इंदापूर तालुक्यात वालचंदनगरच्या कारखान्यात साखर कारखान्यांच्या यंत्रांपासून इस्रोच्या रॉकेटच्या भागांपर्यंत कायकाय बनतं. तिथल्या एखाद्या तपासनिसाला विचारा, नकाशा वाचणाऱ्याची नजर कशी होते ते. एक रेघ चुकली तर पूर्ण भाग वाया. स्वरलिपीचंही तसंच. 1970च्या सुमारास जॉन्सन कॅलिफोर्नियात गेले आणि ‘अक्रॉस 110 स्ट्रीट’ (1972), ‘क्लिओपात्रा जोन्स’ (1973) अशा चित्रपटांना त्यांनी संगीत दिलं.

ऑस्करचे दोन मानकरी

नेल्सन रिडल पोरवयात ट्रॉम्बोन वाजवायचे. टॉमी डॉर्सी हा त्या काळातला नामांकित बँडप्रमुख, तो स्वतः ट्रॉम्बोनवाला. त्याच्याकडे रिडल ट्रॉम्बोन वाजवायला होते. पुढे फ्रँक सिनात्राच्या गाण्यांचे संयोजक म्हणून त्यांचं नाव झालं आणि ‘द ग्रेट गॅट्सबी’ (1974) या चित्रपटाच्या संगीताला ऑस्कर मिळालं. दुसरे जॉनी मँडेल. काउंट बेसीच्या बँडमध्ये तेही पितळी वाद्यांच्या रांगेत होते. ‘द सँडपायपर’ (1965) चित्रपटातल्या गाण्याने त्यांना ऑस्कर दिलं आणि ‘मॅश’ (1970) चित्रपटाची धूनही त्यांचीच. दोघांनी आधी दुसऱ्यांची गाणी बांधून दिली, मग स्वतःची लिहिली. उमेदवारीचा हा क्रम अमेरिकेत जसा, तसा आपल्याकडेही. आता वळू घराकडे.

गोव्याच्या चर्चमधली सुरांची बाराखडी

पोर्तुगीज काळात गोव्यात चर्चला जोडून संगीताच्या शाळा चालत. गावचा मेस्त्री, म्हणजे संगीताचा मास्तर, मुलांना स्वरलिपी वाचायला शिकवायचा आणि हातात व्हायोलिन किंवा एखादं फुंकवाद्य द्यायचा. बोलपट आले, वाद्यवृंद वाढले आणि मुंबईच्या स्टुडिओंना नेमकी हीच माणसं हवी होती. संगीतकार चाल गुणगुणणार, संयोजक ती कागदावर उतरवून वाद्यावाद्यांत वाटणार आणि गोव्याची मंडळी कागद बघून पहिल्या फटक्यात वाजवणार. श्रेयनामावलीत मात्र संयोजकाचं नाव यायचं ‘सहाय्यक’ म्हणून, तेही आलं तर. राहुलदेव बर्मन यांच्या गाण्यांतला तो खणखणीत ब्रास आठवा. त्या रांगेत मोन्सोरात भावंडं होती, त्यांतले ब्लास्को मोन्सोरात ट्रॉम्बोनवर.

पुणतांब्याचा पोरगा, हळदोण्याचा पोरगा

बारामतीहून गाडीने दौंडला या आणि मनमाडकडे वळा, वाटेत पुणतांबा लागतं. रामचंद्र नरहर चितळकर, म्हणजे आपले सी. रामचंद्र, यांचा जन्म तिथला, 1918चा. त्यांना व्हायचं होतं हीरो. ‘नागानंद’मध्ये मुख्य भूमिका मिळालीही, पण चित्रपट पडला. मग सोहराब मोदींच्या मिनर्व्हा मूव्हीटोनमध्ये लहानसहान कामं आणि दुसऱ्या संगीतकारांमागे हार्मोनियम. स्वतंत्र संगीतकार म्हणून सुरुवात झाली ती चक्क तमिळ चित्रपटांनी. दिग्दर्शक होते मास्टर भगवान. मराठी माणसाला पहिली संधी मराठी माणसाने दिली, पण तमिळमध्ये!

गोव्यातल्या हळदोण्याचे अँटोनियो झेवियर वाझ, म्हणजे चिक चॉकलेट (1916–1967), हे मुंबईच्या जॅझचे राजे. ट्रम्पेट असं वाजवायचे की लोक त्यांना भारताचे लुई आर्मस्ट्राँग म्हणत. या दोघांची गट्टी जमली आणि हिंदी गाण्यात ट्रम्पेट, सॅक्सोफोन, क्लॅरोनेट आणि बोंगो एकदम नाचायला लागले. ‘अलबेला’ (1951) मध्ये चिक आपल्या बँडसकट पडद्यावरही दिसतात. पुढे ‘नादान’ (1951) आणि ‘कर भला’ (1956) या चित्रपटांना त्यांनी स्वतः संगीत दिलं. रात्री हॉटेलात ट्रम्पेट, दिवसा स्टुडिओत मदत आणि मग एक दिवस पाटीवर आपलं नाव.

ट्रम्पेट वाजवता वाजवता चित्रपट काढला

गोव्यातल्याच कुडचड्याचे फ्रँक फर्नांड हेही ट्रम्पेटवालेच. हिंदी चित्रपटांच्या वाद्यवृंदांत आणि संयोजनात त्यांनी बराच काळ काढला. पण दुसऱ्याच्या पंगतीत किती दिवस वाढपी राहायचं? 1963 साली त्यांनी ‘आमचें नशीब’ हा कोंकणी चित्रपट काढला आणि संगीतही दिलं. 1966 साली ‘निर्मोण’ आला. त्याला राष्ट्रीय पुरस्कारांत गौरव मिळाला आणि त्याच कथेवर पुढच्याच वर्षी हिंदीत ‘तकदीर’ निघाला. फुंकवाद्याच्या रांगेतून उठून थेट निर्मात्याच्या खुर्चीत बसणारा असा दुसरा माणूस शोधून काढावा लागेल.

बापाचं ट्रम्पेट, लेकाचं व्हायोलिन

लक्ष्मीकांत-प्यारेलाल जोडीतले प्यारेलाल शर्मा यांचे वडील पंडित रामप्रसाद शर्मा ट्रम्पेटवादक होते. त्यांनी कितीतरी मुलांना स्वरलिपी शिकवली. स्वतःच्या मुलाला मात्र व्हायोलिनकडे वळवलं. प्यारेलाल आठव्या वर्षी व्हायोलिन शिकायला लागले. त्यांचे एक गुरू गोव्याचे अँथनी गोन्साल्विस. घरची ओढाताण, म्हणून हा मुलगा कोवळ्या वयातच स्टुडिओत वाजवायला लागला. 1963 साली ‘पारसमणी’ने या जोडीचं नाव पडद्यावर आलं. आणि गुरूंचं? 1977च्या ‘अमर अकबर अँथनी’त अमिताभ बच्चन अंड्यातून बाहेर येऊन ज्याचं नाव स्वतःचं म्हणून सांगतात, तो अँथनी गोन्साल्विस म्हणजे हेच मास्तर. अख्ख्या देशाने गायलेली अशी गुरुदक्षिणा दुसरी नसेल.

तंतुवाद्यांच्या गावात क्लॅरोनेट

मिरज म्हटलं की सतार आणि तंबोरा. त्याच मिरजेत 1916 साली राम कदम जन्मले, आणि त्यांनी हात घातला तो बँडमधल्या क्लॅरोनेटला. लग्नात, मिरवणुकीत वाजवत कान तयार झाले. पुढे पुण्याच्या प्रभात फिल्म कंपनीची पायरी चढले. बँडवाल्याला एक गोष्ट पक्की माहीत असते. उघड्यावर, गर्दीत, धुळीत आणि फटाक्यांच्या आवाजात जी चाल ऐकू जाते तीच टिकते. बारीक नक्षी हवेत उडून जाते. ‘पिंजरा’ (1972) च्या लावण्या आठवा. पहिल्या ओळीपासून पाय हलतोच. जगदीश खेबुडकरांचे शब्द, उषा मंगेशकरांचा आवाज, आणि चालीत बँडच्या उघड्या रस्त्याची ताकद. लावणीचे बादशहा म्हणून ज्यांना मान मिळाला, त्यांचा पहिला रियाज वरातीतला होता.

मेरठचं पितळ, नागोयाचा बेंजो

आपल्या लग्नातलं ट्रॉम्बोन किंवा युफोनियम बहुधा उत्तर प्रदेशातल्या मेरठहून आलेलं असतं. तिथल्या जाली कोठी भागात पितळी वाद्यं घडवणाऱ्यांची वस्तीच आहे. नादिर अली अँड कंपनी हे तिथलं सगळ्यात जुनं आणि मोठं नाव, स्थापना 1885ची. नादिर अली स्वतः ब्रिटिश लष्करातले बँडवाले. आधी वाजवलं, मग विकलं, मग बनवलं.

आणि ज्याच्यामुळे ब्रास बँडला गावोगावी घाम फुटला, तो बेंजो? बेंजो पार्टीतल्या त्या कळांच्या वाद्याचं कूळ आहे जपानी. 1912 साली नागोया शहरात ‘ताइशोगोतो’ नावाचं वाद्य तयार झालं. आपल्याकडे त्याचं बुलबुलतरंग झालं, पुढे त्याला वीज आणि भोंगा जोडला गेला, आणि आता त्याच्याशिवाय हळद लागत नाही.

पालखी आली, सीझन आवरला

बँडवाल्यांचं वर्ष पंचांगावर चालतं. तुळशीचं लग्न लागलं की सुपाऱ्या यायला सुरुवात, उन्हाळ्यात एका दिवशी दोन-दोन वराती, आणि आषाढ लागला की कुलूप. संत तुकोबारायांची पालखी उंडवडीहून बारामतीत येते, काटेवाडीला मेंढ्यांचं रिंगण होतं, बेलवाडी आणि इंदापूरला गोल रिंगण होतं आणि सराटीवरून पालखी नीरा ओलांडते. तेव्हा लग्नसराई संपलेली असते. पालखीत राज्य टाळ-मृदंगाचं. मग गणपती येतात आणि पितळ पुन्हा चकाकायला लागतं. मधल्या मोकळ्या काळात काय? नवी गाणी बसवायची. गाणं गाजायला लागलं की ते आठवडाभरात बँडवर आलंच पाहिजे, नाहीतर वऱ्हाडी विचारणार. कागद नाही, काही नाही. मास्तर मोबाइलवर चार वेळा ऐकणार आणि क्लॅरोनेटला चाल, ट्रम्पेटला मधले तुकडे, ट्रॉम्बोन-युफोनियमला खालचा आधार अशी वाटणी करून देणार. स्टुडिओतला संयोजक नेमकं हेच करतो. फरक इतकाच, की त्याच्याकडे वातानुकूलित खोली असते.

वाद्य नाही? वाद्यवाल्याशी दोस्ती करा!

आता पुणे जिल्ह्याची शान. अतुल (जन्म 1974) आणि अजय (जन्म 1976) गोगावले यांचे वडील महसूल खात्यात. दर काही वर्षांनी बदली ठरलेली. राजगुरुनगर, जुन्नर, शिरूर अशा तालुक्यांच्या गावांत बालपण गेलं. घरात संगीताची परंपरा नाही, वाद्य नाही, शिकवायला कुणी नाही. मग दोघांनी सोपी युक्ती काढली. ज्याच्याकडे वाद्य आहे त्याच्याशी दोस्ती करायची. देवळातले भजनी, गावातले बँडवाले, ऑर्केस्ट्रा, पोलिसांचा बँड, जिथे काही वाजतं तिथे हे दोघे हजर. शाळेत एनसीसीच्या स्पर्धेत सगळ्यांना माहीत असलेली चाल त्यांनी आपल्या पद्धतीने बांधून दाखवली आणि बक्षीस मिळवलं. म्हणजे चाल जुनी, बांधणी नवी. संगीत-संयोजनाची पहिली कमाई ती.

बदलीची नोकरी म्हणजे पोरांच्या शाळेचे हाल, हे खरं. पण या दोघांना तिने गावोगावचे ताल दिले. एका गावचा गोंधळ, दुसऱ्या गावचा तमाशा, तिसऱ्या गावची जत्रा. कानात सगळं साठत गेलं. सोबत इळैयराजांच्या गाण्यांचं वेड होतंच, म्हणजे मोठ्या वाद्यवृंदाची चटक लागलेली.

गणपतीपासून गायबपर्यंत

त्यांची सुरुवातही मराठी घराला शोभेल अशी, गणपतीपासून. 2001च्या ‘विश्वविनायक’ या अल्बममध्ये शंकर महादेवन आणि एस. पी. बालसुब्रह्मण्यम यांचे आवाज आहेत. पुढे ‘सही रे सही’ हे तुफान गाजलेलं नाटक. 2004 साली एकाच वर्षी हिंदीत रामगोपाल वर्मांच्या निर्मितीतला ‘गायब’ आणि मराठीत ‘अगं बाई अरेच्चा!’. मग ‘जोगवा’ आला आणि 56व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट संगीताचा मान घेऊन गेला. 2010च्या पहिल्याच दिवशी ‘नटरंग’ प्रदर्शित झाला आणि ढोलकी शहरी घरांतही घुमू लागली. संगीताचं रीतसर शिक्षण नसलेल्या दोघांनी हे सगळं केलं.

भीमेच्या पलीकडचा सिनेमा, हॉलिवूडचा ब्रास

इंदापूर तालुक्याच्या उत्तरेला उजनीचं पाणी पसरलंय. पलीकडचा काठ करमाळा तालुक्याचा, आणि त्यातलं जेऊर हे दिग्दर्शक नागराज मंजुळेंचं गाव. दक्षिणेला नीरा ओलांडली की अकलूज, नायिका रिंकू राजगुरूचं गाव. म्हणजे ‘सैराट’ (29 एप्रिल 2016) आपल्या बांधालाच लागून घडला. अजय-अतुलनी दिलेलं त्याचं संगीत मात्र रेकॉर्ड झालं कुठे? लॉस एंजेलिसजवळच्या सोनी स्कोअरिंग स्टेजवर. भारतीय चित्रपटाने तिथे वाद्यवृंद वाजवून घेण्याची ती पहिलीच वेळ. एमजीएमच्या काळात याच जागेत ‘द विझर्ड ऑफ ऑझ’ (1939) चं संगीत रेकॉर्ड झालं होतं. व्हायोलिनच्या फौजेसोबत हॉर्न, ट्रम्पेट, ट्रॉम्बोन अशी पितळेची भक्कम रांग, आणि समोर कागद करमाळ्याच्या आर्ची-परश्याच्या प्रेमाचा. ज्या पोरांनी शिरूर-जुन्नरला बँडवाल्यांच्या मागे फिरून कान तयार केले, त्यांच्या सुरांवर हॉलिवूडचे वादक श्वास भरत होते.

गंमत अजून पुढे आहे. त्याच चित्रपटातलं ‘झिंगाट’ बाहेर पडलं ते थेट वरातीत. ब्रास बँड, बेंजो, डीजे, सगळ्यांनी ते उचललं. 2018च्या ‘धडक’मध्ये ते हिंदीतही गेलं. बँडकडून शिकलेल्या पोरांनी बँडला गाणं परत केलं, तेही व्याजासकट!

झटपट चिवडा

• भारतीय लष्कराचे बँडवाले तयार होतात मध्य प्रदेशातल्या पचमढीत. तिथली लष्करी संगीत शाळा 1950 साली सुरू झाली.

• ट्रॉम्बोनचा पूर्वज पंधराव्या शतकातला. बराच काळ त्याचं काम चर्चमधल्या गायकांना साथ करण्याचं होतं.

• हान्स झिमर यांनी ‘इन्सेप्शन’ (2010) मध्ये पितळी वाद्यांचा जो खोल भोंगा वापरला, तो पुढे कितीतरी ट्रेलरवाल्यांनी उचलला. त्या भोंग्याचा पोत चित्रपटातल्याच एका जुन्या फ्रेंच गाण्याचा वेग कमी करून सुचलेला.

• सी. रामचंद्र यांनी राम चितळकर, अण्णासाहेब, श्यामू अशी वेगवेगळी नावं लावून काम केलं. गायक म्हणून ते नुसते ‘चितळकर’.

ट्रॉम्बोनवाल्याचा धडा

होल्स्टपासून गोगावले बंधूंपर्यंत बहुतेकांच्या उमेदवारीत एक गोष्ट सारखी. सुरुवातीला त्यांनी दुसऱ्यांची गाणी वाजवली, दुसऱ्यांच्या चाली बांधल्या, दुसऱ्यांच्या नावाखाली राबले. पुढच्या रांगेत उभं राहणाऱ्याला टाळ्या ऐकू येतात, मागे उभं राहणाऱ्याला गाणं. चाल कुठे ओसरते, कुठे कोण दमतं, लोक नेमके कुठे नाचायचे थांबतात, हे त्यालाच दिसतं. अशा माणसाच्या हाती कोरा कागद आला की तो नुसती चाल लिहीत नाही, पूर्ण पंगत वाढतो.

तेव्हा तुळशीचं लग्न झालं की बारामतीच्या भिगवण रोडवर किंवा इंदापूरच्या बाजारपेठेत पहिली वरात अडवेल. गाडीचा हॉर्न जरा थांबवा. नोट ओवाळायची तर क्लॅरोनेटवाल्यावर ओवाळाच, पण एक मागेही पाठवा. कुणी सांगावं, तिथला एखादा पोरगा तुमच्या पुढच्या आवडत्या चित्रपटाचं पार्श्वसंगीत आत्ताच ऐकत असेल.